परीक्षेची पात्रता आणि विद्यार्थ्याचा हक्क



फेब्रुवारी महिना उजाडला की महाविद्यालयाच्या सूचनाफलकापुढे एक निराळीच गर्दी जमू लागते. वर्षभर त्या फलकाकडे न फिरकलेली मुलेही माना उंच करून त्यावर आपले नाव शोधीत असतात. आणि ते सापडू नये अशी प्रत्येकाची मनोमन प्रार्थना चाललेली असते. कारण ही निकालाची यादी नव्हे. ज्यांचे परीक्षेचे फॉर्म अडवून ठेवले आहेत, अशांची ती यादी असते. कुणाची हजेरी भरलेली नसते, कुणाची मागल्या सत्राची टर्म मंजूर झालेली नसते, कुणाची फी राहिलेली असते. आणि आपल्यासारख्या, महाराष्ट्राच्या सीमेवर किंवा सीमेबाहेर पिढ्यान्‌पिढ्या वस्ती करून राहिलेल्या मराठी घरांतील मुलांच्या नावापुढे बहुधा एकच शब्द लिहिलेला असतो : ‘एलिजिबिलिटी’.

हा इंग्रजी शब्द आपल्या भागात शेतकऱ्याच्या घरीही ठाऊक आहे. चंदगडचा मुलगा बेळगावास शिकावयास येतो, सावंतवाडीचा पणजीस जातो, इंदूरची मुलगी पुण्यास, बडोद्याची मुंबईस. बारावी एका राज्याच्या मंडळाची, विद्यापीठ दुसऱ्या राज्याचे. मग जुन्या ठिकाणाहून मायग्रेशन प्रमाणपत्र आणा, नव्या ठिकाणी पात्रता प्रमाणपत्र मिळवा. आणि ते मिळेपर्यंत प्रवेश ‘तात्पुरता’. हा तात्पुरता प्रवेश कधी आठ महिने तात्पुरता राहतो, कधी दोन वर्षे. मुलगा वर्गात बसतो, फी भरतो, चाचण्या देतो, आणि परीक्षा तोंडावर आली म्हणजे त्याला कळते की आपण अद्याप विद्यार्थीच झालेलो नाही.

त्या यादीत मी स्वतः एकदा होतो. पंचवीसएक वर्षांपूर्वीची गोष्ट. सीमेपलीकडच्या एका महाविद्यालयात बी. ए.च्या पहिल्या वर्षाला होतो. जुलैत दिलेले माझे मायग्रेशन प्रमाणपत्र मार्चमध्ये कचेरीत सापडेना. माझ्याजवळ त्याची पोच नव्हती. किंबहुना पोच मागून घ्यावयाची असते, हेच मला ठाऊक नव्हते. वडील गावाहून आले आणि टोपी हातात घेऊन हेडक्लार्कच्या टेबलापुढे उभे राहिले. पहिल्या पेपराच्या आदल्या संध्याकाळी दुसऱ्याच एका वर्गाच्या गठ्ठ्यात तो कागद निघाला. “जा, बस परीक्षेला. तुझ्या बापाकडे बघून सोडतो,” असे हेडक्लार्क म्हणाले आणि आम्ही बापलेकांनी त्यांचे उपकार मानले. माझ्या खोलीत राहणाऱ्या, वाणिज्य शाखेच्या मुलाचा कागद मात्र सापडला नाही. त्याचे वर्ष गेले. पुढल्या जूनमध्ये तो परत आलाच नाही. काकांच्या फाउंड्रीत कामाला लागला.

आम्हां दोघांनाही तेव्हा एक साधा प्रश्न सुचला नाही. ज्याने अर्ज घेतला, फी घेतली आणि आठ महिने वर्गात बसू दिले, त्याने कागद तपासावयाचे होते कधी? पुढे कायद्याची पुस्तके चाळण्याचा छंद लागला तेव्हा कळले, की हा प्रश्न पुष्कळांनी विचारलेला आहे आणि न्यायालयांनी त्याला उत्तरही दिलेले आहे. मात्र तो विचारता येण्यासाठी आधी एक गोष्ट प्रस्थापित व्हावी लागली : परीक्षा आणि पदवी ही विद्यापीठाच्या मर्जीतील देणगी नसून, तीबाबतच्या निर्णयाचा जाब विद्यापीठाला विचारता येतो. ही गोष्ट एका दिवसात झाली नाही. तिची पहिली ठळक पायरी इंग्लंडात, केंब्रिज विद्यापीठात, तीनशे वर्षांपूर्वी घातली गेली. आणि ती एका अत्यंत भांडखोर मनुष्याच्या निमित्ताने घातली गेली.

रिचर्ड बेंटली हे त्याचे नाव. ग्रीक आणि लॅटिन विद्येत त्याच्या तोडीचा पंडित त्या काळी इंग्लंडात नव्हता, आणि त्याच्याइतके शत्रूही क्वचितच कुणाला असतील. तो ट्रिनिटी कॉलेजचा प्रमुख होता आणि विद्यापीठात ईश्वरविद्येचा प्राध्यापकही. १७१७ साली राजा पहिला जॉर्ज केंब्रिजला आला. त्याच्या आज्ञेने काही जणांना ईश्वरविद्येच्या डॉक्टरची पदवी देण्याचे ठरले. बेंटलीने त्या प्रत्येकाकडून चार गिनींची जादा दक्षिणा मागितली. कॉनियर्स मिडलटन नावाच्या एका विद्वानाने ती नाइलाजाने दिली आणि मग परत मिळावी म्हणून कुलगुरूंच्या न्यायासनाकडे दावा लावला. समन्स घेऊन आलेल्या विद्यापीठाच्या शिपायाला बेंटलीने धुडकावून लावले आणि कुलगुरूंविषयीही अनुदार उद्गार काढले. विद्यापीठाचा संताप अनावर झाला. १७१८ च्या ऑक्टोबरात सभेपुढे ठराव आला आणि बेंटलीच्या साऱ्या पदव्या काढून घेण्यात आल्या. हे करण्यापूर्वी त्याला बोलावून ‘तुझे म्हणणे काय?’ असे कुणी विचारले नव्हते.

बेंटली राजाच्या न्यायालयात गेला. खटला १७२३ साली निकालात निघाला. न्यायाधीशांना बेंटलीच्या वर्तनाचे कौतुक नव्हते. परंतु त्यांनी म्हटले, की मनुष्य कितीही उर्मट असो, त्याचे म्हणणे ऐकून घेतल्यावाचून त्याचे पद काढून घेता येत नाही. न्यायमूर्ती फोर्टेस्क्यू यांनी त्या वेळी दिलेला दाखला पुढे साऱ्या जगातील कायद्याच्या पुस्तकांत गेला. बायबलातील उत्पत्तीच्या तिसऱ्या अध्यायात आदामाने निषिद्ध फळ खाल्ल्याची कथा आहे. परमेश्वर सर्वज्ञ; आदामाने काय केले ते त्याला ठाऊकच होते. तरीही शिक्षा सांगण्यापूर्वी त्याने आदामाला हाक मारून विचारले, की तू कोठे आहेस, आणि तू ते फळ खाल्लेस काय? स्वतः देवाने जर आरोपीला बोलू दिले, तर विद्यापीठाने का देऊ नये, असा त्या दाखल्याचा आशय. लहानपणी धर्मशिक्षणाच्या वर्गात ही कथा मी अनेकदा ऐकली होती; परंतु आमच्या फादरांनी ती पापाची कथा म्हणून सांगितली, न्यायाची म्हणून नव्हे. बेंटलीला त्याच्या पदव्या १७२४ साली परत मिळाल्या.

हे झाले पदवी मिळालेल्या, नामांकित मनुष्याचे. परीक्षेच्या दारातच अडविलेल्या विद्यार्थ्याला मात्र पुढे दीडशे वर्षे असा आधार मिळाला नाही. त्याचे सर्वांत बोलके उदाहरण आपल्याच देशातील मुलींचे आहे.

मुंबई, कलकत्ता आणि मद्रास येथील विद्यापीठे १८५७ साली इंग्लंडातील नमुन्यावर स्थापन झाली. परीक्षेच्या नियमांत उमेदवाराचा उल्लेख पुरुष म्हणूनच होता. मुलगी परीक्षेला येईल ही कल्पनाच कुणी केलेली नव्हती. १८७६ साली डेहराडूनच्या ख्रिस्ती मुलींच्या शाळेतील चंद्रमुखी बसू या विद्यार्थिनीने कलकत्ता विद्यापीठाच्या प्रवेशपरीक्षेस बसण्याची परवानगी मागितली. विद्यापीठापुढे पेच पडला. शेवटी तडजोड अशी निघाली, की तिने उत्तरपत्रिका लिहाव्यात, परीक्षकांनी ती उत्तीर्ण होण्याच्या योग्यतेची आहे की नाही एवढे पाहावे, परंतु उत्तीर्णांच्या यादीत तिचे नाव येऊ नये. ती त्या कसोटीस उतरली. आणि तिचे नाव यादीत आले नाही. १८७८ साली विद्यापीठाने नियम बदलले आणि १८८३ साली चंद्रमुखी बसू व कादंबिनी गांगुली या दोघी पदवीधर झाल्या. मुंबई विद्यापीठाने मुलींना आपले दार उघडले तेही १८८३ सालीच.

दुसरे नाव आपल्या अधिक जवळचे. कॉर्नेलिया सोराबजी यांचा जन्म १८६६ साली नाशिकला, एका पारशी-ख्रिस्ती कुटुंबात झाला. बालपणाचा काही काळ बेळगावास गेला आणि शिक्षण पुण्यास डेक्कन कॉलेजात. मुंबई विद्यापीठाच्या त्या पहिल्या स्त्री-पदवीधर. गुणानुक्रमाने इंग्लंडात जाण्याची सरकारी शिष्यवृत्ती त्यांना मिळावयाची, परंतु ती स्त्रीला देता येत नाही म्हणून नाकारली गेली. इंग्लंडातील स्नेही मंडळींनी पैसा उभा केला आणि १८८९ साली त्या ऑक्सफर्डला सॉमरव्हिल येथे दाखल झाल्या. तेथे कायद्याच्या बी. सी. एल. परीक्षेस बसण्याची वेळ आली तेव्हा पुन्हा तीच अडचण. पुरुषांबरोबर ही परीक्षा देण्याची मुभा कुठल्याही स्त्रीला नव्हती. अखेर १८९२ साली विद्यापीठाच्या सभेने त्यांच्यापुरता खास ठराव केला आणि त्या परीक्षेला बसल्या. परीक्षा दिली, उत्तीर्णही झाल्या. पण पदवी नाही. ती मिळाली १९२२ साली, म्हणजे तीस वर्षांनी.

चंद्रमुखी बसू आणि कॉर्नेलिया सोराबजी या दोघींना जे मिळाले ते खास परवानगी म्हणून, अनुग्रह म्हणून. न्यायालयात जाऊन ‘मला परीक्षेला बसू द्या’ असे म्हणण्याची सोय त्यांना नव्हती. माझ्या वडिलांनी हातात घेतलेली टोपी आणि ऑक्सफर्डचा तो खास ठराव यांत मला फारसे अंतर दिसत नाही.

२६ जानेवारी १९५० रोजी आपली राज्यघटना अमलात आली आणि चित्र पालटू लागले. घटनेच्या चौदाव्या अनुच्छेदाने कायद्यापुढे समानता दिली. २२६व्या अनुच्छेदाने उच्च न्यायालयाला असा अधिकार दिला, की सार्वजनिक संस्थेने बेकायदा निर्णय केल्यास तो रद्द ठरवावा. कायद्याने स्थापन झालेले विद्यापीठ आणि परीक्षा मंडळ या अधिकाराच्या कक्षेत आले. आता विद्यार्थी कागदावर का होईना, विद्यापीठासमोर पक्षकार म्हणून उभा राहू शकत होता.

पहिला मोठा निर्णय उत्तर प्रदेशच्या माध्यमिक परीक्षा मंडळाच्या विरुद्ध लागला. १९५४ च्या इंटरमिजिएट वाणिज्य परीक्षेत एकाच केंद्रावरील तीन विद्यार्थी उत्तीर्ण झाले. काही महिन्यांनी मंडळाच्या परीक्षा समितीने त्यांचे निकाल रद्द केले आणि पुढील वर्षीच्या परीक्षेसही बंदी घातली. त्यांच्या उत्तरांतील चुका सारख्याच होत्या, तेव्हा त्यांनी नक्कल केली असली पाहिजे, हे कारण. त्या तिघांना मात्र एका शब्दाने काही विचारले नव्हते. प्रकरण अलाहाबाद उच्च न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयात गेले आणि ६ फेब्रुवारी १९६२ रोजी निकाल लागला. मंडळाचे म्हणणे असे, की नियमांत कोठेही ‘विद्यार्थ्याचे म्हणणे ऐकावे’ असे लिहिलेले नाही. न्यायमूर्ती वांछू यांनी लिहिलेल्या निकालपत्रात याला उत्तर दिले आहे : नियमांत लिहिलेले नसले तरी, ज्या निर्णयाने एका तरुणाचे सबंध आयुष्य काळवंडू शकते तो निर्णय देणाऱ्या समितीला न्यायाधीशाप्रमाणेच वागावे लागते, आणि आरोप काय आहे ते सांगून खुलासा घ्यावा लागतो. केंब्रिजच्या खटल्यातील तत्त्वच, म्हणावयाचे तर, सिकंदराराऊ नावाच्या एका लहानशा गावातील तीन मुलांच्या कामी आले. ते पोहोचावयास जवळजवळ दोनशे चाळीस वर्षे लागली.

या हक्काला मर्यादाही लवकरच पडली. १९६९ साली बिहारमध्ये एका केंद्रावरील परीक्षाच संशयास्पद म्हणून रद्द झाली, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने १९७० साली म्हटले, की जेथे कुणा एकावर आरोप नसून सबंध केंद्राची परीक्षाच नासली आहे, तेथे प्रत्येक मुलाला निराळे बोलावण्याची गरज नाही. हा निर्णय मला शिक्षक म्हणून पटतो. त्या गर्दीत प्रामाणिकपणे लिहिणारी दोन-चार मुलेही असतील, या विचाराने मन अस्वस्थ होते एवढेच.

परंतु आजच्या आपल्या विषयाच्या अगदी केंद्रस्थानी असलेला खटला आहे तो कुरुक्षेत्र विद्यापीठाचा. त्यातील विद्यार्थी नोकरी सांभाळून कायद्याचा अभ्यास करीत होता. १९७२ साली त्याने एलएल. बी.च्या पहिल्या भागाची परीक्षा दिली. काही विषय राहिले. नियमाप्रमाणे ते पुढल्या वर्षीच्या परीक्षेबरोबर देण्याची मुभा होती. दुसऱ्या वर्षाच्या वर्गात त्याला घेतले गेले, १९७३ ची परीक्षा आली, आणि मग विद्यापीठाने त्याची उमेदवारी रद्द केली. कारणे दोन. पहिल्या वर्षी त्याची हजेरी पुरेशी नव्हती. आणि नोकरीतील वरिष्ठांची परवानगी त्याने सादर केलेली नव्हती. विद्यापीठाचे म्हणणे असे, की हजेरीची उणीव झाकून ठेवणे ही फसवणूक होय, आणि फसवणुकीने मिळविलेला प्रवेश केव्हाही रद्द होऊ शकतो.

आता येथे थोडे थांबून विचार करू या. हजेरीपत्रक कोणाच्या ताब्यात असते? वर्गात कोण आले आणि कोण नाही, याची नोंद विद्यार्थी ठेवतो की प्राध्यापक? परीक्षेचा अर्ज विभागप्रमुखांच्या सहीने पुढे जातो. ती सही करण्यापूर्वी पत्रक उघडून पाहणे हे कुणाचे काम? सर्वोच्च न्यायालयाने १७ नोव्हेंबर १९७५ रोजी दिलेल्या निकालात याच मार्गाने विचार केलेला दिसतो. न्यायमूर्ती फझल अली यांनी म्हटले, की ज्याला थोडी तसदी घेतली असती तर खरे काय ते स्वतःच्या दप्तरातून कळले असते, त्याला आपण फसविले गेलो असे म्हणता येणार नाही. विद्यार्थ्याने खोटे सांगितलेले नव्हते. आणि जे विद्यापीठाच्याच कपाटात होते ते त्याने लपविले असेही म्हणता येत नव्हते. नियमाप्रमाणे परीक्षेपूर्वी उमेदवारी काढून घेण्याचा अधिकार विद्यापीठाला होता, हे न्यायालयाने नाकारले नाही. परंतु परीक्षेला एकदा बसू दिले, मग ते बरोबर असो वा चूक, की तो अधिकार संपला. जे आधी पाहावयाचे ते नंतर उकरून काढून विद्यार्थ्याला बाहेर काढता येत नाही.

वरिष्ठांच्या परवानगीविषयी त्या विद्यार्थ्याने ‘मी ती सादर करीन, नाहीतर विद्यापीठ ठरवील ते मला मान्य राहील’ अशा आशयाचे पत्र लिहून दिले होते. आपल्याकडे कचेरीत पहिल्या दिवशी जे हमीपत्र लिहून घेतात, त्याचीच ही आवृत्ती. न्यायालयाने सांगितले, की असे पत्र लिहून घेतल्याने, कायद्याने विद्यापीठाला नसलेला अधिकार त्याला प्राप्त होत नाही. ज्यांनी ज्यांनी अशा हमीपत्रांवर न वाचता सह्या केल्या आहेत, आणि माझ्या अंदाजाने असे श्रोते कमी नसावेत, त्यांनी ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे. आणखी एक नोंद जाता जाता करतो : हा निकाल आणीबाणीच्या ऐन काळातला आहे. मोठमोठ्या हक्कांचे दरवाजे बंद होते तेव्हा एका नोकरदार विद्यार्थ्याच्या हजेरीची कैफियत दिल्लीत शांतपणे ऐकली गेली.

यानंतर पंधरा वर्षांनी, १९९० साली, ओरिसातील बेऱ्हमपूर विद्यापीठाचा खटला आला. एका विद्यार्थ्याने १९८३ साली कायद्याच्या महाविद्यालयात प्रवेश घेतला, अर्जासोबत एम. ए.ची गुणपत्रिका जोडली होती. दोन वर्षांच्या परीक्षा त्याने दिल्या. निकाल मात्र लागेना. गुणांच्या अटीप्रमाणे तू मुळातच पात्र नव्हतास, असे उत्तर आले. या खटल्याचे मुख्य निकालपत्र न्यायमूर्ती पी. बी. सावंत या मराठी न्यायाधीशांचे आहे. गुणपत्रिका दिलेली, प्रवेश दिलेला, परीक्षा घेतलेल्या; इतके झाल्यावर विद्यापीठाला आपला शब्द फिरविता येणार नाही, असे ठरले. त्याही पुढे जाऊन २००८ साली अमृतसरच्या गुरू नानक देव विद्यापीठाच्या खटल्यात, विद्यार्थ्याची आधीची पदवी नियमानुसार पुरेशी नाही हे विद्यापीठाचे म्हणणे सर्वोच्च न्यायालयाने मान्य केले, आणि तरीही त्याला शिक्षण पुरे करू दिले. कारण त्याने काही लपविले नव्हते, आणि कागद तपासण्यात हयगय झाली होती ती विद्यापीठाची. म्हणजे नियम विद्यापीठाच्या बाजूने असूनही चुकीचा भुर्दंड विद्यार्थ्यावर पडू दिला नाही.

येथवर ऐकून एखाद्या तरुण श्रोत्याला वाटेल, की कसेही करून आत शिरावे, एकदा हॉल तिकीट हाती आले म्हणजे आपणांस कोण हलविणार! तसे नाही. या साऱ्या निकालांत एक अट सारखी आहे : विद्यार्थ्याने आपले कागद उघड्यावर ठेवलेले असले पाहिजेत. बनावट गुणपत्रिका जोडणाऱ्याला यांतील एकही निकाल उपयोगी पडत नाही, आणि पडू नये.

दुसरी मर्यादा अधिक क्लेशकारक आहे. जेथे महाविद्यालयालाच मान्यता नाही, तेथे विद्यार्थी कितीही निरपराध असला तरी न्यायालये हात आखडून घेतात. १९८६ साली आंध्र प्रदेशातील एका वैद्यकीय महाविद्यालयाच्या विद्यार्थ्यांनी विनंती केली, की आम्हांला परीक्षेस बसू द्या. आमचे वर्ष जाईल. हे महाविद्यालय काढणाऱ्या संस्थेच्या नावात ‘ख्रिश्चन’ हा शब्द होता, आणि अल्पसंख्याकांच्या घटनात्मक हक्काचा आधार तिने घेतला होता. न्यायमूर्ती चिन्नप्पा रेड्डी यांनी तो आधार तपासून पाहिला आणि फेटाळला. अल्पसंख्याकांची संस्था ही खरोखरीची असावी लागते, नुसता मुखवटा चालत नाही, असे सुनावले. विद्यार्थ्यांविषयी ते म्हणाले, की विद्यापीठ ज्या कायद्याने जन्मले तोच मोडण्याची आज्ञा आम्ही विद्यापीठाला देऊ शकत नाही. आमच्या समाजातील कित्येकांना त्या निकालातील भाषा कठोर वाटते. मला ती योग्य वाटते. आमच्या शाळा ज्या हक्कावर उभ्या आहेत, तो असल्या कामासाठी वापरला जाऊ लागला तर उद्या खऱ्या शाळांचेच नुकसान होईल. परंतु फी भरून बसलेल्या त्या मुलांचे काय झाले असेल, हा प्रश्न निकालपत्र मिटल्यावरही मागे राहतो.

महाराष्ट्रातही हे घडले. गावोगावी परवानगीवाचून निघालेल्या डी. एड. विद्यालयांतील विद्यार्थ्यांना परीक्षेस बसू द्यावे की नाही, हा वाद १९९१ आणि १९९२ साली सर्वोच्च न्यायालयापुढे होता. १९९२ च्या प्रकरणात उच्च न्यायालयाने दिलेली परवानगीही सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. शिक्षक घडविणाऱ्या संस्थेलाच धड इमारत आणि धड शिक्षक नसतील तर तेथून बाहेर पडणारा शिक्षक मुलांना काय देणार, ही त्यामागची चिंता. तिच्याशी माझ्या व्यवसायातील कुणीही असहमत होणार नाही. तरी येथे आणि कुरुक्षेत्राच्या खटल्यात केवढा फरक पडतो पाहा. विद्यापीठाने कागद पाहिले नाहीत, तर विद्यार्थी वाचतो. संस्थेची मान्यता विद्यार्थ्याने पाहिली नाही, तर तो बुडतो. सतरा-अठरा वर्षांच्या मुलाने, अंगणवाडी सेविका असलेल्या आईने किंवा बागायतीत मजुरी करणाऱ्या बापाने, ही मान्यता कशी तपासावी? जाहिरातीत तर सर्वच महाविद्यालये मान्यताप्राप्त असतात. प्रवेश घेण्यापूर्वी विद्यापीठाच्या यादीत नाव पाहून घ्यावे, एवढाच उपाय आज सांगता येतो, आणि तो अपुरा आहे हे मला कबूल आहे.

न्यायालयाची पायरी सर्वांना परवडत नाही. परीक्षा दहा दिवसांवर आलेली असताना वकील गाठावयाचा, धारवाडला, पणजीला किंवा ग्वाल्हेरला उच्च न्यायालयाच्या खंडपीठापुढे अर्ज करावयाचा, हे सर्वसामान्य घरास झेपणारे नाही. म्हणून विद्यापीठ अनुदान आयोगाने २०२३ साली केलेली विनियमावली महत्त्वाची ठरते. तिच्यानुसार प्रत्येक संस्थेत विद्यार्थी तक्रार निवारण समिती असावी लागते. तिने पंधरा कामाच्या दिवसांत आपला अहवाल द्यावयाचा असतो. समाधान न झाल्यास विद्यापीठाच्या लोकपालाकडे अपील करता येते आणि त्याने तीस दिवसांत निर्णय करावयाचा असतो. याखेरीज २००५ चा माहिती अधिकाराचा कायदा आहेच. परीक्षार्थीला स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा अधिकार त्या कायद्याखाली आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली सांगितले. आपल्या पात्रतेच्या फाइलीवर कोणी काय शेरा मारला, हेही त्याच वाटेने मागता येते.

गेल्या मार्चमध्ये रविवारची मिस्सा आटोपून चर्चच्या आवारात आम्ही उभे होतो, तेव्हा माझी एक जुनी विद्यार्थिनी जवळ आली. “सर, माझा फॉर्म परत आलाय,” एवढे म्हणून तिने एक पत्र पुढे केले. वाणिज्य शाखेची दोन वर्षे उत्तीर्ण झाल्यावर, तिसऱ्या वर्षी, पहिल्या वर्षाचे पात्रता प्रमाणपत्र दप्तरी आढळत नाही असे त्यात लिहिले होते. मी विचारले, “दिलेल्या कागदांच्या पोचा आहेत का?” घरी जाऊन तिने बिस्किटांचा एक जुना पत्र्याचा डबा आणला. त्यात तिच्या आईने तीन वर्षांतील एकूण एक पावती, तारखेप्रमाणे लावून, दोऱ्याने बांधून ठेवली होती. मायग्रेशन प्रमाणपत्राची पोच सर्वांत खाली होती.

आम्ही दोन पानांचा अर्ज तयार केला. पोचेची प्रत, दोन्ही वर्षांच्या गुणपत्रिका, दोन्ही हॉल तिकिटे जोडली. कुरुक्षेत्राच्या खटल्याचा उल्लेख एका वाक्यात केला. कचेरीतील कारकुनाने अर्ज ठेवून घेतला आणि “जा तू, बघतो आम्ही,” असे सांगितले. ती गेली नाही. “आवक क्रमांक आणि शिक्का मिळेपर्यंत मी या बाकावर बसते,” असे म्हणून ती बसून राहिली. दुपारी अडीच वाजता शिक्का मिळाला. आठव्या दिवशी समितीचे बोलावणे आले. दहा-बारा मिनिटे तिचे म्हणणे ऐकून घेतले, कागद उलटसुलट पाहिले, आणि पहिल्या पेपराच्या चार दिवस आधी हॉल तिकीट तिच्या हाती आले.

या सर्व काळात तिच्या वडिलांना काजूच्या बागेतले काम टाकून एकदाही शहरात यावे लागले नाही.